प्रकाशाचा कारागीर : कार्ल फ्रॉइंड

वार्षिक स्मरणिकेतून थोरामोठ्यांची चरित्रे देण्याची चाल जुनी आहे. बहुधा ती राज्यकर्त्यांची, सुधारकांची, दानशूर व्यापाऱ्यांची किंवा साधुसंतांची असतात आणि त्यात वावगे काहीच नाही. परंतु यंत्राशी व अवजाराशी आयुष्यभर सख्य ठेवून, स्वतःच्या हातांच्या कसबाने ज्यांनी जगाच्या ज्ञानात व आनंदात भर घातली, अशा माणसांकडे आपल्या घरांतून अजून पुरेसे लक्ष जात नाही. मुलगा वकील, डॉक्टर वा अंमलदार झाला म्हणजे घराण्याचे नाव झाले, आणि कारखान्यात हात काळे करू लागला म्हणजे नशीब आडवे आले, ही समजूत आपल्या मनांतून समूळ गेली आहे असे छातीला हात लावून कोणास म्हणता येईल? म्हणून यंदा आम्ही एका कारागिराचे चरित्र वाचकांपुढे ठेवीत आहोत. ते आपल्या देशाचे नव्हत, आपल्या धर्माचे नव्हत. परंतु चित्रपट पाहताना आणि घरी बसून दूरचित्रवाणीवरील हास्यमालिका पाहताना ज्यांचे ऋण आपल्या नकळत आपण भोगतो, अशा मोजक्या माणसांत त्यांची गणना होते. त्यांचे नाव कार्ल फ्रॉइंड.

फ्रॉइंड यांचा जन्म १६ जानेवारी १८९० रोजी बोहेमिया प्रांतातील क्योनिगिनहोफ या गावी झाला. तो मुलूख त्या काळी ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात मोडत असे. आज तेच गाव चेक प्रजासत्ताकात द्वूर क्रालोवे या नावाने ओळखले जाते. कुटुंब जर्मन बोलणारे, ज्यू धर्माचे. कार्ल अकरा वर्षांचे असताना हे कुटुंब बर्लिन येथे येऊन स्थायिक झाले. चित्रपटाची कला तेव्हा पाळण्यातच होती. पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंनी १८९५ च्या डिसेंबरात आपला पहिला जाहीर खेळ केला, आणि पुढच्याच वर्षी, ७ जुलै १८९६ रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात तोच चमत्कार मुंबईकरांनी पाहिला. म्हणजे ही कला आणि फ्रॉइंड जवळजवळ बरोबरीनेच वाढली असे म्हणावयास हरकत नाही.

वयाच्या सुमारे पंधराव्या वर्षी हा मुलगा बर्लिनमधील एका चित्रपट कंपनीत साहाय्यक प्रक्षेपक म्हणून कामास लागला. प्रक्षेपकाचे काम म्हणजे अंधाऱ्या खोलीत उभे राहून यंत्राची मूठ फिरवावयाची, तुटलेली फीत जोडावयाची आणि दिव्याची ज्योत सांभाळावयाची. या कामास प्रतिष्ठा नव्हती. परंतु एक लाभ मोठा होता. पडद्यावर कोणते चित्र उठून दिसते, कोणते काळवंडते, कोठे प्रेक्षक श्वास रोखतात आणि कोठे कंटाळतात, हे सर्व प्रक्षेपकास रोज पाहावयास मिळते. हीच फ्रॉइंड यांची शाळा झाली. पुढे लवकरच त्यांच्या हाती कॅमेरा आला आणि पाथे या फ्रेंच कंपनीसाठी ते वर्तमानपट चित्रित करू लागले. समोर घडणारी घटना पुन्हा घडत नाही. ऊन असो वा पाऊस, जो प्रकाश असेल त्यातच काम उरकावे लागते. कॅमेऱ्याच्या कामात नजर तयार व्हावयास याहून चांगली तालीम नाही.

त्या काळचा कॅमेरा कसा होता हे आजच्या तरुण वाचकांस सांगणे अवश्य आहे. कॅमेरा लाकडी तिकाटण्यावर घट्ट बसविलेला असे. छायालेखक एका हाताने त्याचा दांडा एकसारख्या गतीने फिरवीत असे. हात जलद चालला तर पडद्यावरची माणसे मंद होत, हात मंदावला तर ती धावू लागत. फिल्म प्रकाशाला फारशी संवेदनक्षम नव्हती, म्हणून पुष्कळ प्रकाश लागे. साहजिकच कॅमेरा एका जागी खिळलेला आणि नट त्याच्यापुढे, नाटकाच्या रंगभूमीवर असावेत तसे. पुढे ज्यांनी हा खिळा उपटून काढला त्यांत फ्रॉइंड अग्रणी होते.

पहिल्या महायुद्धानंतर जर्मनीची दैना झाली होती. पराभव, महागाई, बेकारी यांनी लोक गांजले होते. अशाच दिवसांत बर्लिनच्या उफा या संस्थेत चित्रकलेचे एक नवे दालन उघडले गेले. मनातील भय, संशय आणि खिन्नता छायाप्रकाशाच्या साह्याने पडद्यावर उतरविण्याचा ध्यास तेथील कलावंतांनी घेतला होता. पॉल वेगेनर यांच्या १९२० सालच्या ‘गोलेम’ या चित्रपटाचे छायालेखन फ्रॉइंड यांनी केले. मातीच्या पुतळ्यात प्राण भरला जातो अशी ती प्राग शहरातील जुनी ज्यू दंतकथा होती. वाकड्यातिकड्या भिंती, मशालींचा उजेड आणि गडद सावल्या यांनी त्यांनी एक संपूर्ण नगर भयाने भारून टाकले.

यानंतर दिग्दर्शक एफ. डब्ल्यू. मुर्नाऊ यांच्याशी त्यांचे जे साहचर्य जमले, त्याचे सर्वोत्तम फळ म्हणजे १९२४ सालचा ‘डेर लेट्स्टे मान’, म्हणजे शेवटचा माणूस, हा मूकपट होय. कथा साधीच आहे. एका मोठ्या हॉटेलाच्या दारावर उभा राहणारा वृद्ध दरवान, सोनेरी गुंड्यांच्या झगझगीत गणवेशामुळे आपल्या वस्तीत मान मिळवून असतो. वय झाले म्हणून व्यवस्थापक त्याची बदली स्वच्छतागृहाच्या चाकरीवर करतो आणि गणवेश काढून घेतो. त्या गणवेशाबरोबर त्याची अब्रूही जाते. एमिल यानिंग्ज या नटाने ही भूमिका केली. मूकपटांत संवाद पाट्यांवर लिहून दाखवीत. या चित्रपटात मात्र पात्रांच्या संवादाची एकही पाटी नाही, आणि निवेदनाची पाटी आली ती शेवटाजवळ एकच. तेव्हा म्हाताऱ्याच्या अंतःकरणात काय चालले आहे हे सांगावयाचे कोणी? ते काम कॅमेऱ्यावर आले.

लेखक कार्ल मायर, दिग्दर्शक मुर्नाऊ आणि छायालेखक फ्रॉइंड या तिघांनी मिळून कॅमेऱ्याची बेडी तोडली. चित्रपटाच्या आरंभीच कॅमेरा हॉटेलाच्या उद्वाहकातून खाली उतरतो आणि दिवाणखान्यातून सरकत फिरत्या दारापाशी येतो. यासाठी कॅमेरा सायकलीवर बसविण्यात आला होता. म्हाताऱ्याला मद्य चढते तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे फिरणारे जग दाखविण्यासाठी फ्रॉइंड यांनी कॅमेरा स्वतःच्या छातीशी बांधला, तोल राहावा म्हणून विजेऱ्यांचे ओझे पाठीवर घेतले, आणि ते स्वतःच झिंगलेल्या माणसासारखे झोकांड्या खात खोलीभर हिंडले. फ्रॉइंड हे देहाने अतिशय स्थूल होते, ही गोष्ट ध्यानात घेतली म्हणजे या परिश्रमाची किंमत कळते. पुढच्याच वर्षी, दिग्दर्शक ई. ए. ड्युपाँ यांच्या ‘व्हारिएटे’ या सर्कशीतील कलावंतांच्या जीवनावरील चित्रपटात, कॅमेरा झुल्यावर चढला आणि प्रेक्षकांस कसरतपटूंच्या नजरेने खाली गरगरणारे प्रेक्षागृह दिसले. जर्मन लोकांनी या तंत्रास मुक्त कॅमेरा असे अर्थपूर्ण नाव दिले. आज कोणत्याही चित्रपटात कॅमेरा पात्राच्या मागे जिना चढतो, गर्दीतून वाट काढतो, तेव्हा त्याच्या पूर्वजांत त्या बर्लिनच्या सायकलीस स्थान द्यावे लागते.

फ्रित्झ लांग यांचा ‘मेट्रोपोलिस’ हा चित्रपट जानेवारी १९२७ मध्ये प्रदर्शित झाला. त्याचे चित्रण सुमारे दीड वर्ष चालले होते आणि छायालेखनाचा भार फ्रॉइंड व गुंथर रिटाऊ यांनी वाहिला होता. भविष्यकाळातील ती गगनचुंबी नगरी उभी करण्यासाठी ऑयगेन श्युफ्तान यांची आरशाची युक्ती वापरण्यात आली. कॅमेऱ्यापुढे तिरकस आरसा ठेवून त्यात इमारतीच्या लहान प्रतिकृतीचे प्रतिबिंब घ्यावयाचे, आणि आरशामागील लेप हव्या तेवढ्या जागी खरवडून तेथून पलीकडचे खरे नट दिसू द्यावयाचे. याप्रमाणे टेबलावर मावणारे प्रासाद आणि जिवंत माणसे एकाच चित्रात एकजीव होत. त्याच वर्षी वाल्टर रुटमान यांचा ‘बर्लिन : महानगराची सिंफनी’ हा चित्रपट आला. त्याच्या निर्मितीतही फ्रॉइंड यांचा महत्त्वाचा वाटा होता. रस्त्यावरील माणसे बेसावध असताना, कमी प्रकाशात टिपता यावीत म्हणून त्यांनी फिल्मची संवेदनक्षमता रासायनिक क्रियेने वाढविण्याचे प्रयोग केले. कॅमेऱ्याबरोबर रसायनाचेही त्यांस अंगभूत ज्ञान होते, याची ही साक्ष आहे.

या जर्मन कलापरंपरेचा आपल्या मराठी चित्रसृष्टीशीही ऋणानुबंध आहे. प्रभात कंपनीच्या ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रती तयार करून घेण्यासाठी व्ही. शांताराम हे १९३३ साली जर्मनीस गेले, आणि तेथून परतल्यावर पुण्यात निघालेल्या १९३४ सालच्या ‘अमृतमंथन’मधील छायाप्रकाशाचा खेळ जाणत्यांस लगेच ओळखू आला. फ्रॉइंड तोवर अमेरिकेत होते. परंतु त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी पेरलेले बी कोठवर येऊन रुजले हे यावरून दिसते.

फ्रॉइंड १९२९ साली अमेरिकेस गेले. तेथे युनिव्हर्सल कंपनीत बेला लुगोसी यांचा ‘ड्रॅक्युला’ त्यांनी १९३१ साली चित्रित केला आणि पुढच्या वर्षी दिग्दर्शक म्हणून ‘द ममी’ हा बोरिस कारलॉफ यांची भूमिका असलेला चित्रपट काढला. भयपटांची जी घडण पुढे रूढ झाली ती बऱ्याच अंशी या दोन चित्रपटांनी घालून दिली. बर्लिनच्या सावल्या समुद्र ओलांडून हॉलिवूडमध्ये गेल्या त्या अशा. आणखी काही चित्रपट दिग्दर्शित केल्यावर १९३५ सालच्या ‘मॅड लव्ह’ नंतर त्यांनी दिग्दर्शन सोडले आणि ते पुन्हा कॅमेऱ्याकडे वळले. दिग्दर्शकाचे नाव मोठ्या अक्षरांत झळकते, छायालेखकाचे लहान अक्षरांत. तरीही त्यांनी पुढील सारे आयुष्य लहान अक्षरांतच घालविले. आपला हात कोणत्या कामात बसला आहे हे ज्यास उमगले, त्यास पदाची उतरंड आडवी येत नाही.

‘द गुड अर्थ’ हा पर्ल बक यांच्या कादंबरीवरील चित्रपट १९३७ साली प्रदर्शित झाला. चिनी शेतकऱ्याचे कष्ट, दुष्काळ, भूक आणि उभ्या पिकावर आलेली टोळधाड यांची ती कथा आहे. आपल्या शेतकरी कुटुंबांस ती परकी वाटणार नाही. या चित्रपटाच्या छायालेखनासाठी फ्रॉइंड यांस अमेरिकेच्या चित्रपट अकादमीचा पुरस्कार १९३८ मध्ये मिळाला.

परंतु त्याच १९३७ सालाची दुसरी एक गोष्ट आम्हांस या पुरस्काराहून मोलाची वाटते. जर्मनीत १९३३ साली हिटलरची सत्ता आली होती. ज्या उफाची कीर्ती ज्यू कलावंतांनी व कारागिरांनी वाढविली, त्याच संस्थेने त्या वर्षीच्या मार्च महिन्यात ज्यू नोकरांस काढून टाकण्यास आरंभ केला. १९३५ च्या न्युरेंबर्ग कायद्यांनी ज्यूंचे नागरिकत्वच हिरावून घेतले. फ्रॉइंड अमेरिकेत सुखरूप होते; मानमरातब, पैसा, काम, कशाचीच वाण नव्हती. त्यांची एकुलती एक कन्या मात्र जर्मनीत होती. ते स्वतः ज्यू असूनही १९३७ साली पुन्हा त्या जर्मनीत गेले आणि मुलीस सोबत घेऊन अमेरिकेस परतले. त्यांच्यापासून विभक्त झालेली त्यांची पहिली पत्नी तेथेच राहिली. तिला पुढे राव्हेन्सब्र्युक येथील छळछावणीत टाकण्यात आले आणि १९४२ साली बर्नबुर्ग येथे नेऊन तिची हत्या करण्यात आली. मुलगी मागे राहिली असती तर तिची गतही याहून वेगळी होण्याचा संभव नव्हता. १९४४ साली, दिग्दर्शक फ्रेड झिनेमान यांच्या ‘द सेव्हन्थ क्रॉस’ या छळछावणीतून निसटलेल्या कैद्याच्या कथेवरील चित्रपटाचे छायालेखन फ्रॉइंड यांनीच केले. ते काम करताना त्यांच्या अंतःकरणात काय उठले असेल, याची कल्पना वाचकांनीच करावी.

त्याच १९४४ साली त्यांनी फोटो रिसर्च कॉर्पोरेशन ही कंपनी काढली. प्रकाश किती आहे हे जुने छायालेखक डोळ्यांच्या अंदाजाने ठरवीत. हा अंदाज हेच त्यांचे गुपित आणि हेच त्यांचे भांडवल असे. फ्रॉइंड यांच्या कंपनीने प्रकाश अचूक मोजणारी उपकरणे तयार केली, आणि थेट वाचता येणाऱ्या एका दीप्तिमापकाबद्दल त्यांस व त्यांच्या सहकाऱ्यास १९५५ साली अकादमीचा तांत्रिक पुरस्कार लाभला. ज्याची नजर चाळीस वर्षांत तयार झाली, त्यानेच ती नजर आकड्यांत उतरवून नवशिक्याच्या हाती दिली, ही गोष्ट लहान नव्हे. आपल्याकडे कित्येक वैद्यकीच्या मात्रा, कित्येक रंग, कित्येक घडणी गुरूबरोबर चितेवर गेल्या. त्या दुःखाची आठवण येथे झाल्यावाचून राहत नाही.

आता त्यांच्या जीवनातील शेवटचे पर्व. १९५१ साली अमेरिकेत दूरचित्रवाणी घरोघरी शिरू लागली होती. बहुतेक कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित होत. दूरच्या भागांसाठी पडद्यावरील चित्राचेच चित्रण करून पाठवीत, आणि ते फार अंधुक दिसे. ल्युसिल बॉल व डेसी आर्नाझ या नटदांपत्यास ‘आय लव्ह ल्युसी’ ही विनोदी मालिका करावयाची होती. परंतु त्यांस हॉलिवूड सोडावयाचे नव्हते, आणि ल्युसिल बॉल यांचा अभिनय प्रेक्षकांच्या हशांवाचून रंगत नसे. म्हणून असे ठरले की, प्रत्येक भाग नाटकाप्रमाणे सुमारे तीनशे प्रेक्षकांसमोर सादर करावयाचा आणि तो तीन कॅमेऱ्यांनी एकाच वेळी चित्रपटाच्या फिल्मवर टिपावयाचा. एकाहून अधिक कॅमेरे एकदम चालविण्याचे प्रयत्न त्याआधीही झाले होते. परंतु प्रेक्षकांसमोर, दर आठवड्यास, चित्रपटाच्या दर्जाचे काम करून दाखविणे ही निराळीच बाब होती. बॉल यांचा १९४३ सालचा एक रंगीत चित्रपट फ्रॉइंड यांनी चित्रित केला होता. त्यांस पाचारण झाले तेव्हा त्यांचे वय एकसष्ट होते.

अडचण कोठे होती ते पाहावे. चित्रपटात दूरचे दृश्य, जवळचे दृश्य ही वेगवेगळ्या वेळी घेतात आणि प्रत्येक वेळी दिवे नव्याने मांडतात. येथे तीन कॅमेरे, तीन अंतरे, तीन कोन, आणि दिवे हलविण्यास क्षणाचीही उसंत नाही. दिवे जमिनीवर ठेवावेत तर कॅमेऱ्यांची चाके अडतात आणि प्रेक्षकांची दृष्टीही. फ्रॉइंड यांनी दिवे वरच्या सांगाड्यावर टांगले आणि साऱ्या रंगमंचावर असा सारखा प्रकाश पाडला की नट कोठेही गेला, कोणत्याही कॅमेऱ्याने पाहिले, तरी चेहरा स्वच्छ दिसावा. फिल्म दूरचित्रवाणीवरून दाखविली की काळे अधिक काळे व पांढरे अधिक पांढरे दिसे. त्यावर उपाय म्हणून देखाव्यांचे रंग करड्या छटांत बांधून घेण्यात आले. १५ ऑक्टोबर १९५१ रोजी मालिकेचा पहिला भाग प्रक्षेपित झाला आणि तिने अमेरिकेस वेड लावले. फिल्मवर असल्यामुळे ते भाग टिकून राहिले आणि पुढे अनेक दशके पुनःपुन्हा दाखविले गेले. प्रेक्षकांसमोर अनेक कॅमेऱ्यांनी चित्रित होणाऱ्या हास्यमालिकांनी तीच वाट धरली.

काही जाणकार असे मानतात की, सावल्यांच्या या सम्राटाने अखेरीस सपाट, निश्छाय प्रकाशाची चाकरी पत्करली ही त्यांच्या कलेची उतरणच होय. आमचे मत तसे नाही. भयकथेस सावली हवी, विनोदास उजेड हवा. ‘डेर लेट्स्टे मान’मध्ये कॅमेरा नटाच्या अंतःकरणात शिरला, कारण तेथे नटास वाचा नव्हती, ‘आय लव्ह ल्युसी’मध्ये तो नटीच्या वाटेतून बाजूला झाला, कारण तेथे तिच्या मोकळ्या हालचालीतच सारे मर्म होते. दोन्ही ठिकाणी कामास काय हवे हाच प्रश्न त्यांनी स्वतःस विचारला. आपली ठरीव शैली मिरविण्याचा मोह ज्यांस आवरत नाही, त्यांच्याकडून साठीनंतर असे नवे काम होत नाही.

कार्ल फ्रॉइंड ३ मे १९६९ रोजी कॅलिफोर्नियातील सांता मोनिका येथे निवर्तले. हॉलिवूडमध्ये त्यांस प्रेमाने पापा म्हणत असत.

आज कॅमेरा ज्याच्या त्याच्या खिशात आहे. पुण्यात प्रभातच्याच आवारात १९६० साली स्थापन झालेल्या चित्रपट संस्थेने कित्येक छायालेखक घडविले, आणि या व्यवसायाची दारे पूर्वीपेक्षा अधिक उघडी आहेत. आपल्या कुटुंबांतील एखादा मुलगा वा मुलगी कॅमेरा, दिवे, ध्वनी, विजेचे काम किंवा कोणतेही यंत्र यांच्या नादी लागलेली दिसली, तर वडीलधाऱ्यांनी तिला हा काय उद्योग म्हणून दटावण्यापूर्वी बर्लिनच्या त्या अंधाऱ्या खोलीत दांडा फिरविणाऱ्या पंधरा वर्षांच्या मुलास आठवावे. एका सत्तेने त्यांच्या बांधवांची घरे, पदे आणि प्राण हिरावून घेतले. परंतु त्यांच्या हातांतील विद्या कोणत्याही सरहद्दीवर जप्त करता आली नाही. तिच्याच बळावर ते परक्या देशात उभे राहिले, आणि लेकीस मृत्यूच्या दारातून घेऊन यावयास त्यांच्यापाशी एक घर होते. आपल्या मुलाबाळांच्या हाती अशी एखादी विद्या असावी, आणि ती शिकताना त्यांस घरातून आधार मिळावा, एवढीच इच्छा व्यक्त करून आम्ही हे चरित्र पुरे करतो.